पंखामागची खिडकी: विमान उडताना आणि उतरताना काय पाहावे

विमान कसे उडते हे डोळ्यांनी पाहून समजून घ्यायचे असेल, तर जागा निवडताना पंखाच्या दोन-चार रांगा मागची खिडकी घ्यावी. पंखाच्या पुढे बसले की खालचे दृश्य मोकळे दिसते हे खरे, पण पंखाची मागची कड तिथून दिसत नाही. आणि उड्डाणात व उतरण्यात वैमानिक जे काही करतात, त्यातले बहुतेक सारे त्या मागच्या कडेवरच उमटते. कॉकपिटचे दार बंद असले तरी आत्ता आत काय केले गेले, हे त्या कडेकडे पाहून आणि आवाजांकडे कान देऊन बऱ्यापैकी अचूक सांगता येते. मात्र त्यासाठी पंखाचे काम आधी नीट कळायला हवे.

उचल कुठून येते

शाळेत अनेकांनी ऐकलेले स्पष्टीकरण असे असते: पंखाची वरची बाजू फुगीर असल्यामुळे वरून जाणाऱ्या हवेला लांबचा रस्ता पडतो, खालच्या हवेबरोबर एकाच वेळी मागच्या कडेला पोहोचण्यासाठी तिला वेगाने जावे लागते, आणि वेग वाढला की दाब कमी होतो. यातला शेवटचा भाग बरोबर आहे. डॅनियल बर्नुली यांनी १७३८ मध्ये मांडलेले वेगाचे आणि दाबाचे नाते आजही तसेच लागू पडते. चूक आहे ती मधल्या पायरीत, कारण वरच्या आणि खालच्या हवेने मागच्या कडेला एकाच वेळी पोहोचावे असा निसर्गाचा कोणताही नियम नाही. वायुबोगद्यात धुराच्या रेषा सोडून पाहिले, तर वरची हवा खालच्या हवेला मागे टाकून केव्हाच पुढे गेलेली दिसते. शिवाय सारी उचल केवळ फुगीरपणामुळेच मिळत असती, तर कसरतीची विमाने उलटी होऊन उडूच शकली नसती.

पंखाचे खरे काम समोरून येणाऱ्या हवेला खाली वळवण्याचे आहे. तो किंचित तिरका बसवलेला असतो आणि त्याचा आकारही वक्र असतो. त्यामुळे त्याच्या खालची हवा तर खाली ढकलली जातेच, पण वरची हवाही पंखाच्या वळणाला धरून वाहते आणि मागच्या कडेवरून खाली झुकते. हवा ज्या जोराने खाली गेली, त्याच जोराने पंख वर रेटला जातो. हा न्यूटनचा तिसरा नियम. दाबाच्या भाषेत हीच गोष्ट सांगायची तर पंखाच्या वर दाब कमी आणि खाली जास्त असतो. बर्नुली खरा की न्यूटन खरा, हा वाद त्यामुळे निरर्थक आहे, कारण दोघेही एकाच घटनेचे वर्णन करत आहेत. धावत्या मोटारीच्या खिडकीबाहेर तळहात आडवा धरून त्याची पुढची कड थोडी वर केली की हात आपोआप उचलला जातो, त्यातही हेच घडत असते.

एवढ्याने अवाढव्य विमान उचलले जाते, यावर विश्वास बसत नसेल तर एक भागाकार करून पाहावा. एअरबस ए३२० या विमानाचे उड्डाणाच्या वेळचे कमाल वजन सुमारे ७८ टन असते आणि त्याच्या पंखांचे क्षेत्रफळ सुमारे १२२ चौरस मीटर. म्हणजे पंखाच्या प्रत्येक चौरस मीटरला साधारण ६४० किलो भार पेलावा लागतो. आता समुद्रसपाटीला हवा प्रत्येक चौरस मीटरवर १०,००० किलोहून थोडा अधिक भार सतत टाकत असते. तेव्हा पंखाच्या वरच्या आणि खालच्या दाबात सरासरी सहा टक्क्यांच्या आसपास फरक पडला, तरी पूर्ण भरलेले विमान हवेत राहते. आपल्याला हवेचे वजन जाणवत नाही, म्हणून ती दुबळी वाटते, इतकेच.

ही उचल दोन गोष्टींनी कमी-जास्त होते आणि पुढचे सारे समजण्यासाठी या दोन्ही लक्षात ठेवणे आवश्यक आहे. पहिली म्हणजे वेग. वेग दुप्पट झाला की उचल चौपट होते आणि वेग निम्मा झाला की ती चौथाईवर येते. दुसरी म्हणजे पंखाचा समोरून येणाऱ्या हवेशी असलेला कोन. कोन वाढवला की उचल वाढते, पण साधारण १५ अंशांच्या आसपास एक मर्यादा येते. त्यापलीकडे वरची हवा पंखाला धरून वाहू शकत नाही, ती सुटते, तिचे भोवरे होतात आणि उचल एकदम ढासळते. यालाच स्टॉल म्हणतात. बातम्यांमध्ये हा शब्द आला की इंजिन बंद पडले असा समज होतो, पण या स्टॉलचा इंजिनाशी थेट संबंध नसतो. तो पंखाचा असतो.

विमान बनवणाऱ्यांपुढची खरी अडचण यातूनच निर्माण होते. तासाला ८०० किलोमीटरहून अधिक वेगाने जाण्यासाठी पंख सडपातळ आणि गुळगुळीत हवा, कारण तिथे हवेचा रोध हा मुख्य शत्रू असतो. मात्र तोच पंख धावपट्टीवर तासाला २५० किलोमीटरच्या वेगाने टेकवायचा असेल, तर त्याला पुरेशी उचल मिळत नाही. यावर काढलेला तोडगा म्हणजे उड्डाण चालू असतानाच पंखाचा आकार बदलणे, आणि खिडकीतून पाहायचे आहे ते हेच.

धावपट्टीकडे जाताना

विमान सावकाश धावपट्टीकडे निघते, तेव्हा बारीक गुणगुण ऐकू येते आणि पंखाच्या मागच्या कडेतून मोठे पत्रे मागे सरकून खाली झुकतात. हे फ्लॅप. त्याच वेळी पुढच्या कडेतून स्लॅट बाहेर येतात. या दोन्हींमुळे पंख रुंद आणि अधिक वक्र होतो आणि कमी वेगातही जास्त हवा खाली वळवू शकतो. उड्डाणासाठी फ्लॅप थोडेच काढतात. पूर्ण काढले तर उचल वाढते खरी, पण रोध त्याहून अधिक वाढतो.

याच दरम्यान पंखाच्या टोकाजवळची छोटी फळी वर-खाली हलताना दिसेल आणि पंखाच्या पाठीवरचे काही पत्रेही क्षणभर उभे राहतील. वैमानिक नियंत्रणे तपासून पाहत असतात. टोकाजवळची फळी म्हणजे एलेरॉन. एका पंखाचे एलेरॉन वर आणि दुसऱ्याचे खाली गेले की दोन पंखांची उचल असमान होते आणि विमान एका बाजूला कलते. विमान वळते ते असे कलून. राइट बंधूंचे मोठेपण याच ठिकाणी आहे, असे मला वाटते. १७ डिसेंबर १९०३ रोजी त्यांचे विमान पहिल्या खेपेस १२ सेकंद उडाले, हे सर्वांना ठाऊक असते; पण इंजिनाइतकाच त्यांनी विचार केला होता तो तोल सांभाळण्याचा, आणि त्यासाठी ते दोऱ्यांनी पंखच पिळत असत. आजचे एलेरॉन त्याच कल्पनेचे वंशज आहे.

ए३२० जातीच्या विमानात या वेळी पायाखालून थांबून थांबून घुरघुर ऐकू येते आणि नवखा प्रवासी हमखास दचकतो. या विमानात तीन हायड्रॉलिक, म्हणजे द्रवाच्या दाबावर चालणाऱ्या, यंत्रणा असतात; त्यांतल्या ठरावीक दोघींपैकी एकीचा दाब कमी असला, तर दुसरीकडून तिला जोर पुरवणारे एक यंत्र आपोआप चालू होते, त्याचा तो आवाज असतो. रात्रीच्या वेळी दिवे मंद करतात, तेही झोपेसाठी नव्हे. अचानक बाहेर पडावे लागले, तर डोळे अंधाराला सरावलेले असावेत हा त्यामागचा हेतू असतो. खिडकीचे पडदे उघडे ठेवायला सांगतात ते बाहेर काय चालले आहे हे आतल्यांना दिसावे म्हणून.

उड्डाण

इंजिनांचा आवाज चढतो आणि पाठ आसनाला टेकते. तिथपासून विमान जमीन सोडेपर्यंत मध्यम आकाराच्या जेट विमानाला साधारण ३० ते ४० सेकंद लागतात. घड्याळ लावून पाहण्यासारखी ही गोष्ट आहे. या इंजिनांचा बराचसा रेटा ज्वलनातून थेट मिळत नाही. समोर दिसणारा मोठा पंखा हवा मागे लोटतो आणि त्यातली बहुतेक हवा इंजिनाच्या गाभ्यात न शिरता बाजूने निघून जाते. आत जळणाऱ्या इंधनाचे मुख्य काम तो पंखा फिरवण्याचे असते.

प्रत्येक उड्डाणापूर्वी वजन, तापमान, वारा आणि धावपट्टीची लांबी पाहून एक निर्णयवेग ठरवलेला असतो. त्या वेगाच्या आत काही बिघडले तर थांबता येते. तो ओलांडल्यावर एक इंजिन बंद पडले तरी उड्डाण पुरे करायचे असते, आणि उरलेल्या एका इंजिनावर विमान वर जाऊ शकेल असेच सारे गणित मांडलेले असते. त्यानंतर काही क्षणांत नाक वर उचलले जाते. इथे पंखाच्या टोकाकडे लक्ष ठेवावे. उभ्या विमानाचा पंख स्वतःच्या आणि आतल्या इंधनाच्या वजनाने किंचित खाली झुकलेला असतो. नाक वर होताच पंखाचा हवेशी असलेला कोन वाढतो, उचल वाढते आणि पंखाचे टोक वर चढते. चाके जमीन सोडण्याच्या सुमारास पंख वर वाकलेला स्पष्ट दिसतो, कारण आता विमानाचे सगळे ओझे चाकांवरून पंखांवर आलेले असते.

पुढचे दोन-तीन मिनिटांतले आवाज भित्र्या प्रवाशाला सर्वांत जास्त छळतात. प्रथम पोटाखाली घरघर आणि धाडकन आवाज होतो. चाके आत गेली आणि त्यांची दारे बंद झाली. मग जमिनीपासून ३०० ते ४५० मीटर उंचीवर इंजिनांचा आवाज एकदम उतरतो आणि विमान खाली चालल्यासारखे वाटते. प्रत्यक्षात ते वरच जात असते. उड्डाणासाठी लावलेला जोर आता लागत नाही, म्हणून तो कमी केला जातो. चढण्याचा दर थोडा घटतो आणि कानाच्या आतले तोल सांभाळणारे इंद्रिय त्या बदलालाच घसरण समजते. खात्री हवी असेल तर बाहेर पाहावे, घरे लहानच होत जातात. वेग वाढेल तसे फ्लॅप टप्प्याटप्प्याने आत जातात आणि काही मिनिटांत पंख पुन्हा सडपातळ होतो.

वर असताना

१० ते १२ किलोमीटर उंचीवर पाहण्यासारखे कमी घडते. ११ किलोमीटरवर हवेची घनता समुद्रसपाटीच्या तीस टक्क्यांच्या आसपास असते. त्यामुळे रोध कमी होतो आणि इंधन वाचते, पण उचल मिळवण्यासाठी वेग मोठा ठेवावा लागतो. सरळ उडतानाही विमानाचे नाक दोन-तीन अंश वर असते. सेवेची गाडी पुढच्या दिशेने ढकलताना कर्मचाऱ्यांना तो चढ जाणवतो. समोरच्या पडद्यावर दिसणारा वेग जमिनीच्या तुलनेतला असतो, पंखाला जाणवणारा नव्हे. म्हणूनच पाठीमागून जोराचा वारा असला की तो आकडा तासाला १,००० किलोमीटरच्या वर गेलेला दिसतो, तरी विमान ध्वनीच्या वेगाच्या आतच असते.

हादरे बसू लागले की पंख हलताना दिसतो, आणि तो हललाच पाहिजे. लवचीकपणामुळेच तो धक्के पचवतो. प्रमाणपत्र मिळण्यापूर्वी विमानाच्या रचनेने सेवेत अपेक्षित असलेल्या कमाल भाराच्या दीडपट भार पेलून दाखवावा लागतो. हादऱ्यांमुळे विमान मोडण्याची भीती त्यामुळे अनाठायी आहे. धोका असतो तो पट्टा न बांधता बसलेल्या प्रवाशाला. विमान अचानक खाली गेले की तो छतावर आदळतो. संकेतदिवा विझलेला असला तरी बसल्या जागी पट्टा सैलसर बांधून ठेवावा, तो एवढ्याचसाठी.

खाली येताना

उतरण्याच्या साधारण अर्धा तास आधी इंजिने जवळजवळ गप्प होतात. जमीन अजून दीडशे-दोनशे किलोमीटर दूर असते, तरी विमान फार थोड्या रेट्यावर घसरत खाली येऊ लागते. प्रवासी विमानाला एक किलोमीटर उंची गमावताना इंजिनाशिवायही पंधरा-सतरा किलोमीटर पुढे जाता येते. २३ जुलै १९८३ रोजी कॅनडामध्ये एका बोइंग ७६७ विमानाचे इंधन हवेतच संपले, कारण भरताना किलोग्रॅम आणि पौंड यांच्या हिशेबात घोळ झाला होता. दोन्ही इंजिने बंद असताना वैमानिकांनी ते विमान गिमली येथील जुन्या हवाई तळावर घसरत आणून उतरवले, आणि त्यातील सर्व जण वाचले.

उतरताना कधी कधी पंखाच्या पाठीवरचे पत्रे उभे राहतात आणि विमान थरथरते. हे स्पॉयलर. ते वरच्या प्रवाहात अडथळा आणून उचल मोडतात आणि रोध वाढवतात, म्हणजे वेग न वाढवता लवकर खाली येता येते. कान दडे बसल्यासारखे होतात, कारण आतला दाब हळूहळू वाढवला जात असतो. आवंढा गिळल्याने किंवा जांभई दिल्याने ते मोकळे होतात.

मग फ्लॅप पुन्हा बाहेर येऊ लागतात, या वेळी अधिकाधिक, शेवटी जवळजवळ पूर्ण. पंखाच्या मागच्या कडेत फटी पडून त्यांतून खालची जमीन दिसते. त्या फटी मुद्दाम ठेवलेल्या असतात. त्यांतून वर येणारी वेगवान हवा फ्लॅपवरच्या प्रवाहाला धरून ठेवते आणि स्टॉल लांबवते. धावपट्टी साधारण दहा किलोमीटरवर असताना चाके बाहेर येतात, धाडकन आवाज होतो आणि वाऱ्याचा घोंघाट वाढतो. आता रोध इतका वाढलेला असतो की इंजिनांना पुन्हा थोडा जोर लावावा लागतो. त्यांचा आवाज सारखा वर-खाली होतो, तो वेग नेमका राखण्यासाठी.

इथून विमान तीन अंशांच्या उतारावरून येते, म्हणजे प्रत्येक किलोमीटरला सुमारे ५२ मीटर खाली. हा उतार आणि धावपट्टीची मध्यरेषा दाखवणारे रेडिओ किरण जमिनीवरून सोडलेले असतात. धावपट्टीच्या बाजूला चार दिव्यांची ओळही असते: दोन पांढरे आणि दोन लाल दिसले तर उंची बरोबर, सगळे लाल दिसले तर विमान फारच खाली आहे.

बाजूचा वारा असेल, तर विमान नाक वाऱ्याकडे वळवून तिरके येते आणि खिडकीतून धावपट्टी नको तिथे दिसू लागते. हे अगदी ठरलेले तंत्र आहे. टेकण्याच्या क्षणाआधी नाक सरळ केले जाते. आणि वेग, उंची किंवा दिशा मनासारखी जमली नाही, धावपट्टी मोकळी नसली, तर इंजिने गर्जून विमान पुन्हा वर जाते. प्रवाशांना हे संकट वाटते. वस्तुतः तो सरावातला निर्णय असतो, आणि तो न घेणारा वैमानिक जास्त धोकादायक.

टेकल्यावर

जमिनीपासून नऊ-दहा मीटरवर नाक किंचित वर केले जाते, इंजिनांचा जोर काढून घेतला जातो आणि तासाला २४० ते २७० किलोमीटरच्या वेगाने मागची चाके टेकतात. दाट धुक्यात हे काम स्वयंचलित यंत्रणा करू शकते. पण बहुतेक वेळा विमान वैमानिकच हाताने उतरवतात.

त्या क्षणी पंखावरून नजर हलवू नये. चाके टेकताच पाठीवरचे सगळे स्पॉयलर एकदम ताठ उभे राहतात. अजूनही पंख उचल देतच असतो आणि तोपर्यंत चाकांवर पुरेसे वजन नसल्यामुळे ब्रेक नीट लागत नाहीत. स्पॉयलर ती उचल मोडून विमानाचा भार चाकांवर आणतात. लगेच इंजिनांची गर्जना होते. इंजिने उलटी फिरत नाहीत. अनेक विमानांत इंजिनाच्या आवरणाचा मागचा भाग सरकून फट पडते आणि पंख्याची हवा तिथून पुढच्या दिशेने वळवली जाते. या यंत्रणेला रिव्हर्सर म्हणतात. आवाज मोठा असला तरी थांबवण्याचे मुख्य काम चाकांचे ब्रेकच करतात. कोरड्या धावपट्टीसाठी प्रमाणित केलेल्या अंतरात रिव्हर्सरची मदत धरलेलीच नसते.

हळुवार टेकणे म्हणजे उत्तम उतरणे, हा समज मात्र सोडून द्यावा. धावपट्टी ओली असेल, तर टायर पाण्याच्या थरावर घसरू नये म्हणून वैमानिक मुद्दाम ठामपणे टेकवतात. मऊ टेकण्याच्या नादात विमान धावपट्टीवर तरंगत राहिले, तर थांबण्यासाठीची शेकडो मीटर जागा वाया जाते. ठरलेल्या पट्ट्यात, ठरलेल्या वेगाने आणि मध्यरेषेवर टेकलेले विमान चांगले उतरले, मग धक्का थोडा बसला तरी चालेल.

धावपट्टी सोडून वळल्यावर स्पॉयलर आडवे होतात आणि फ्लॅप आत जातात. इंधन वाचवण्यासाठी कधी कधी एक इंजिन वाटेतच बंद केले जाते. मुक्कामाच्या जागी पोहोचल्यावर केबिनमधले दिवे क्षणभर लुकलुकले, तर तो बिघाड नसतो; वीज इंजिनांऐवजी शेपटातल्या छोट्या टर्बाइनकडून किंवा जमिनीवरच्या जोडणीतून घेतली जाऊ लागलेली असते.